तिसरी वाफ

आमच्याकडे आधी सौना बांधतात, घर मग.
तळ्याच्या काठाशी गुडघे पोटाशी घेऊन बसलेली
ती काजळलेली लाकडी खोली:
मी तिथेच जन्मले,
आणि माझ्या पाठची दोघं, जी जगली नाहीत,
तीही तिथेच.

दर शनिवारी आई भट्टी पेटवायची,
धोंडे तापून पांढुरके होईस्तोवर बर्चची लाकडं सारायची.
पहिली वाफ पुरुषांची,
दुसरी आम्हा बायकांची,
तिसरी त्याची.
त्याची म्हणजे कुणाची, ते मोठ्याने बोलायचं नाही.
बाकाखाली राहतो. मुठीएवढा, राखेच्या रंगाचा.
सौनात कुणी भांडलं तर चटके देतो,
शिवी ऐकली तर छप्पर पेटवतो.
म्हणून निघताना एक ओगराळं पाणी
धोंड्यांवर ओतायचं, दार लोटायचं,
मागे बघायचं नाही.

बाबा हसायचे.
ईव्हर्ट साल्मेला, ऐन उधाणात
सुट्या ओंडक्यांवर उभा राहून नदी उतरलेला माणूस.
म्हणायचे, पाण्याची मालकीण व्हेल्लामो
मला तीनदा विचारून गेली, येतोस का?
मी म्हटलं, बाई, घरी एक आहे,
तुझ्याहून थंड नजरेची.
आणि तिसऱ्या वाफेलाही आतच बसून राहायचे,
बाकाखालच्याच्या वाट्यावर घाम काढत.
आई बाहेर बर्फात,
ओल्या केसांच्या काड्या झालेल्या,
दारावर मूठ आपटत:
ऊठ, ईव्हर्ट. उसनं घेतोयस तू.

मार्चमधला बर्फ वरून शहाणा दिसतो.

संध्याकाळी घोडा एकटाच परत आला,
तुटका लगाम ओढत.
बाबांना दुसऱ्या दिवशी आर्व्होने
ओंडके ओढायच्या आकडीने बाहेर काढलं.
ती आकडी बाबांचीच होती.

आईने सौना तापवला, पण बेताचाच,
बाळंतिणीसाठी तापवतात तेवढा.
बाकावर निजवल्यावर
त्यांच्या दाढीतला बर्फ सुटू लागला
आणि तळं थेंबाथेंबाने फळ्यांवरून खाली उतरलं.
म्हातारी इम्पी मदतीला आली होती.
तिने आधी पाण्याची माफी मागितली, रीतसर, वाकून,
मग जमिनीची, मग भट्टीतल्या विस्तवाची.
मला वाटत होतं, माफी
त्यांनी मागावी.
मी काही बोलले नाही. बाबांची नखं साफ करत राहिले.
उजव्या अंगठ्याखाली डांबर होतं, ते निघेना.

वाफेला आम्ही लॉय्लू म्हणतो.
इम्पी सांगत होती, तिच्या आजीच्या तोंडी
त्याच शब्दाचा अर्थ होता जीव,
शेवटी उठून जातो तो.
सांगता सांगता तिने बाबांचे कान पुसले,
शाळेत पाठवायच्या पोराचे पुसावेत तसे.

मग आईने ओगराळं घेतलं.
एक ओतलं. धोंडे बोलले.
दुसरं ओतलं.
तिसऱ्याला हात थांबला,
ओठ हलत होते, वाटलं प्रार्थना करतेय;
पण ती मोजत होती:
लग्नापासून बावीस वर्षं,
वर्षाचे शनिवार बावन्न,
त्यातले जंगलाच्या कामावरचे वजा.
मोजता मोजता कुठेतरी चुकली असावी.
तिने ओगराळं खाली ठेवलं,
बादलीच उचलली
आणि सगळं पाणी एकदम धोंड्यांवर रितं केलं.
खोली पांढरी झाली. बाबा दिसेनात, इम्पी दिसेना,
माझेच हात मला दिसेनात.
त्या पांढऱ्यातून आईचा आवाज आला,
ती बाकाखाली वाकून कुणाशी तरी बोलत होती,
बसमध्ये शेजारच्याशी बोलावं तसं साधं:
जरा सरकून घे.
हा पाय पसरून निजतो.

आम्ही तिघी बाहेर आलो. दार लोटलं.
वारा पडलेला. तळ्यावर अजून ते भोक होतं,
कडेने पुन्हा साय धरणारं.
दहा पावलं गेलो असू,
मागे चर्र झालं.
काळजातच झालं असेल म्हणून मी थांबले.
पुन्हा झालं. लांब, सावकाश,
कुणीतरी हात राखून ओतावं तसं.
आई चालत राहिली.
बादली माझ्या हातात होती,
रिकामी,
आणि ओगराळं तिच्यात खुळखुळत होतं.