अंड्याचं घड्याळ

बाबा बासष्ट साली कंपनीतर्फे जर्मनीला गेले,
गिअर कापायला शिकायला, अकरा महिने.
परतताना ट्रंकेत दोन लोकरी बनियन,
तेलकट कागदात गुंडाळलेला एक कटर
आणि अंड्याच्या आकाराचं एक घड्याळ.
आमच्या घरात अंडं चालत नव्हतं.

घरमालकीण फ्राऊ केलरनं दिलं होतं.
बाबा सांगायचे, तिचं घर बॉम्बनं पडलं, नवराही गेला,
आता नव्या घरात कपडे मशीन धुतं,
दूध कपाटात आठवडाभर राहतं,
बटाटे सोलायला जिन्यात कुणी येऊन बसत नाही.
रविवारी ती चार मिनिटं लावते.
खणखणलं की एक अंडं खाते. एकच.
हे सांगताना आपण मशीनबद्दल बोलतोय
असं बाबांना वाटायचं.

रास्ता पेठेतल्या दोन खोल्यांत आईला वेळ
वासानं कळायची.
दूध उतू जायच्या आत तिची मान आपोआप वळायची.
"भात, अठरा मिनिटं," बाबांनी फडताळात घड्याळ मांडलं.
"आणि तांदूळ रेशनचा आहे, हे त्याला कोण सांगणार?"

मग चिंचवडचा भोंगा घरात आला.
सहा चाळीसची बस, तिच्या आधी डबा,
डब्याच्या आधी पोळ्या, पोळ्यांच्या आधी आई.
बाबांची सुट्टी गुरुवारी, आमची शाळेची रविवारी.
एका घरात दोन रविवार,
आईचा दोन्हीत नाही.

कुकर आला. स्टोव्हची पिन गेली, गॅस आला.
शेजारच्या कुमुदिनी खळदकर म्हणाल्या,
"आता काय बाई, वेळच वेळ!"
तो वेळ आई कुठं ठेवते, दिसायचं नाही.

एकदा शाळा लवकर सुटली.
आतून कडी. दाराला कान लावला तर टिकटिक.
"काय शिजतंय?"
"काही नाही. थांब जरा."
मी पायरीवर बसून राहिले.
खणखणल्यावर दार उघडलं.
फरशीवर चटई, चटईवर उशी,
गॅसवर काही नव्हतं.
तिच्या गालावर चटईची नक्षी उमटली होती
आणि ती घाईघाईनं नळाखाली बादली लावत होती.

आता कोथरूडला माझी शेगडी आपली आपण बंद होते.
घड्याळ मी ठेवलंय. वीसवर फिरवलं
की कुरकुरत सातपर्यंत येतं आणि अडकतं.
घंटा होत नाही.
मग उठायचं कशाला.