पंचवीस नंबर

तक्त्यावर पंचवीस नंबरला राहतो तो,
क्रोमियम आणि लोखंडाच्या मधे,
दोन नामवंत शेजाऱ्यांत अंग चोरून.
बाबाचा बिल्ला तीनशे अकराचा होता.
जुळलं असतं तर बरं दिसलं असतं.

बावीस वर्षं मी कॉलेजच्या प्रयोगशाळेत काच धुते.
ब्युरेट, पिपेट, शंकूपात्रं,
त्यांतली पोट्ट्यांच्या हातून वाचलेली.
एखाद्याच्या तळाशी तपकिरी डाग उरतो,
साबणाला दाद न देणारा.
ऑक्झॅलिक आम्लानं जातो.
हे मला कुणी शिकवलं नाही,
डागानंच शिकवलं.

तो मला आधीपासून ठाऊक होता.
मनसरच्या खाणीतून बाबा यायचा
तेव्हा तोच असायचा नखांच्या कडांना,
बंडीच्या शिवणीत, न्हाणीच्या दगडावर.
आई म्हणायची, काहून जी, हा मळ मरत नाही काय?
बाबा हसायचा.
तेव्हा हसायचा.

सर शिकवतात ते मी दारातून ऐकते.
सतराशे चौऱ्याहत्तर, स्वीडन.
कुणीतरी काळा दगड कोळशाच्या भुकटीत तापवला
आणि मुशीच्या तळाशी धातूची गुंडी सापडली.
शोध लागला, म्हणतात सर.
त्याच्या कितीतरी आधीपासून काचवाले
तोच दगड रसात टाकत होते,
काचेतली हिरवट झाक मारायला.
पण वापरणं वेगळं आणि शोधणं वेगळं, म्हणे.
खोदणं कशात येतं ते मी विचारलं नाही,
तास संपला होता.

रंग किती बदलावे एखाद्यानं!
दोन इलेक्ट्रॉन दिले की फिका गुलाबी, पाणीच जवळजवळ.
चार दिले की काळपट.
सहाला हिरवा.
सातही देऊन टाकले की असा जांभळा
की बाटलीपल्याडचा माणूस दिसत नाही.
बाबानं किती दिले, मोजले नाहीत कुणी.

स्टेशनापुढं जिथं रूळ रुळांना कापतात,
उत्तरेची गाडी पूर्वेच्या गाडीसाठी थांबते,
तिथल्या सांध्यांचं पोलाद म्हणे याच्याच मिश्रणाचं.
चाकांचा मार खातं
आणि मार खाऊनच कठीण होतं.
सर हे सांगताना खूश होते.
मी बेसिनचा नळ सोडला.

बाबाचा चेहरा शेवटी थिजला.
राग आला तरी तोच, जेवला तरी तोच.
मागं सरक म्हटलं की पडायचा.
पायाचे चवडे टेकत चालायचा, कोंबड्यासारखा,
गल्लीतली पोरं मागून चालून दाखवायची.
मेडिकलच्या डॉक्टरनं डोळ्यांत बॅटरी मारली,
कागदावर लिहिलं : वयोमान.
त्रेपन्न.

परवा जुन्या खिडक्या काढल्या,
आता ॲल्युमिनियमच्या येणार आहेत.
पश्चिमेच्या खिडकीत एक तावदान होतं
कधीचं कोण जाणे, कडांना जांभळट.
मला वाटायचं, कुणी परमँगनेट उडवलं असेल,
दोन उन्हाळे मी ते घासलं होतं.
सर म्हणाले, डाग नाही तो.
काच निवळावी म्हणून घातलेला मँगनीज आहे,
उन्हानं साठ-सत्तर वर्षांत वर काढला.
नागपूरचं ऊन, मी म्हटलं,
दुसरीकडं शंभर लागली असती.
सर हसले. हिशेब बरोबर होता का, कळलं नाही.

ठेकेदाराचा पोरगा म्हणाला,
मावशी, हे फुटकं कशाले नेता?
मी काही बोलले नाही.
ॲप्रनमधे गुंडाळलं,
मांडीवर घेऊन रिक्षात बसले.

झिरो माइलच्या सिग्नलवर रिक्षा थांबली.
ॲप्रन सरकला होता,
ऊन काचेतून उतरून माझ्या नखांवर पडलं.
जांभळट.
अंगठ्यानं घासलं,
सवयीनं.
जाईना.
मग सिग्नल सुटला, झाडांची सावली आली,
आणि गेलं.