यादीत अजून

खणभागातल्या माझ्या दुकानात
पद्मजा आरवाडे कन्सोल घेऊन आली,
मिरजेतून सेकंडहँड घेतलेला,
पंखा पिठाच्या गिरणीसारखा.
"गेम भरलाय, तरी चालत नाही."

भरला होता खरा.
पेनड्राइव्हवरून अकरा जीबी, पावणेदोन तास,
पट्टी मुंगीच्या पावलांनी शंभरावर पोचलेली.
चित्र आलं, नाव आलं,
आणि चित्राच्या कोपऱ्यात एवढंसं कुलूप.

म्हटलं, ताई, ही नुसती जमीन झाली.
सातबारा कुठाय?
ती हसली नाही.

सातबारा म्हणजे लायसनची फाइल.
किल्ली तिची सोळा बाइटची.
तौफिक दस्तगीर शिकलगार,
इंग्रजीत लिहायला घेतलं
तर वडिलांच्या नावाशीच जागा संपते.
एवढ्याशानं अकरा जीबी उघडतात,
किंवा उघडत नाहीत.

गेम घेतला होता तिच्या आतेभावानं, श्रेणिकनं,
दोघं एका घरात राहायची तेव्हा.
पेढीची वाटणी झाली,
बोलणं चार वर्षं बंद.
खातं त्याच्या नावावर.
एका खात्याला दोन मशीन, तिसऱ्याला नाही.
एक त्याच्याकडं पुण्यात.
दुसरं शामरावनगरात पुराच्या पाण्यात
तीन दिवस होतं, मग भंगारात गेलं.

ते यादीत अजून जिवंत आहे.
रेशनकार्डावर म्हातारी असते ना, तसं.
कंपनीला कुणी कळवलंच नाही.

एकटं तेवढं काढता येतं का?
येतं, पण त्या मशीनवरूनच.
गाळातून कुठून बटण दाबणार?
नाहीतर सगळी एकदम काढायची,
सहा महिन्यांतून एकदाच.
म्हणजे पुण्यातही कुलूप पडणार.

तिनं नंबर काढला, ठेवला, परत काढला.
मी सोल्डरिंगची वायर उगाच मोजत बसलो.

"हं... पदू बोलतेय.
नाही, सगळे बरेत.
ते जुनं मशीन रे, आपलं."

पलीकडचं ऐकू आलं नाही.
बराच वेळ ती नुसतं "हं" म्हणत होती.
शेवटी माझ्याकडं बघून म्हणाली,
"काढ म्हणतोय. मी कुठं खेळतो आता, म्हणाला."

कुलूप गेलं. दीडशे रुपये घेतले,
पंख्यातली धूळ फुकट काढली.

रात्री शटर ओढताना तिचा फोन.
"तौफिकभाऊ, यादीत दोन दिसतायत.
एक माझं.
दुसरं कुणाचं असेल?"

मी म्हटलं, पुण्याचं.
"हो," ती म्हणाली. "माहितीय."