पाच पूर्णांक सहा

सत्यभामा सकाळी सातला विद्यापीठाच्या शेतात जाते.
तिथं चार पायांवर उभी एक पांढरी पेटी आहे, झडपांची,
आत काचेच्या नळ्या आडव्या निजलेल्या.
एका नळीत बारीक काडी असते.
रात्र जिथवर खाली उतरली
तिथं ती थांबून राहते, साक्षीला बसल्यासारखी.
सत्यभामा वाकते, वाचते, वहीत लिहिते,
नळी कलती करून काडीला मोकळं करते.
दुसऱ्या दिवशी पेपरात येतं: परभणी, पाच पूर्णांक सहा.
तिचं नाव येत नाही.

मी डेपोतून रिटायर झालेला माणूस.
थंडीत एसटीचं इंजिन कसं तापवायचं ते मला ठाऊक,
बायकोचे कान कसे तापवायचे ते यंदा शिकतोय.

पहिल्या दिवशी मोसंबीचा रस उकळला.
गाड्यावरची मोसंबी, जालन्याकडची, पातळ सालीची.
गूळ टाकला, चार लवंगा, दालचिनीचा तुकडा,
आणि खळखळा उकळी येऊ दिली.
घर असं घमघमलं
की वरच्या मजल्यावरचा पोरगा जिन्यात येऊन उभा राहिला.
ती आली, मफलर सोडला, एक घोट घेतला
आणि बिघडलेल्या नळीकडं पाहावं
तसं माझ्याकडं पाहिलं.
"कडू झालंय. कामून एवढं उकळलं?"
पोरानं मात्र अर्धा कप संपवला, भिडेखातर.

रजियाआपा भिंतीपलीकडून म्हणाल्या,
"मोसंबीला आग दाखवायची नसती भाऊ,
तिला शेवटी बोलवायचं, पातेलं खाली उतरल्यावर.
उकडायचीच हौस आसंल तर बोरं उकडा. ती सोसतात."
आणि ओंजळभर दिली,
पिंगळीच्या माळावरची, गावठी, सुरकुतलेली.

रात्रीच भिजत टाकली.
पहाटे सुंठ फोडायला बत्ता सापडेना,
तर पाना घेतला, तेरा नंबरचा,
धुऊन. (तिला सांगू नका.)
मिरे पाच. लवंगा दोनच, आधीचा धडा घेऊन.
वेलदोडा नाही, तिला त्यानं झोप येते.
चिमूटभर मीठ.
बोरं फुगली, मग फुटली,
पाण्याला खारकेचा रंग चढला.
पळीनं घोटली, गाळली.
गाळणीत बिया राहिल्या,
टणक, मोजल्या तर एकेचाळीस.
गूळ विरघळला. पातेलं खाली.
मग वाट पाहिली.
डेपोत हे कधी करावं लागलं नाही,
वाट पाहणं फलाटावरच्यांचं काम होतं.
मोसंबी कापून ठेवली, पिळली नाही.

ती आली तेव्हा नाक लाल,
कान उघडे, कारण कानटोपीत तिला
मागच्या गाडीचा हॉर्न ऐकू येत नाही.
मी म्हटलं, तुझं थर्मामीटर आणायचं होतंस,
मोजलं असतं किती अंश झालंय.
ती हसली नाही. करंगळी बुडवली.
"पीळ आता."

पिळली. वास एकदम बदलला,
खोलीच्या एका कोपऱ्यात कुणी दिवा लावल्यासारखा.
पेला तिनं आधी ओठाला लावलाच नाही.
डाव्या कानाला लावला, मग उजव्या.
बराच वेळ. बाहेर दूधवाला घंटी वाजवून गेला.
मग प्याली, उभ्यानंच,
तळाशी साचलेल्या गाळासकट.

"आज किती?" मी विचारलं.
"उद्या पेपरात वाच."

उरलेलं तिनं थर्मासमध्ये ओतून घेतलं,
खिल्लारेसाठी. शेताचा राखणदार, नऊला सुटतो.
रात्रभर त्या पेटीजवळ असतो
आणि त्याला कुणी विचारत नाही, किती होतं.

बिया मी फेकल्या नाहीत.
खिडकीत वाळतायत, पाना शेजारीच.
पोरगा रोज विचारतो, यांचं काय करणार काका?
मी म्हणतो, बघू.