अंड्यांच्या हिशेबाची वही

भांडाराच्या किल्लीला बांधूनच दिली वही रेनाल्डाने.
"पुढून हिशेब आहे," म्हणाली, "मागून पाहुणे."
आणि ट्रक सुटला खाली, तोकोनावकडे,
तिचे दुखरे गुडघे आणि सव्वीस वर्षांचा स्वयंपाक घेऊन.

इथे वर, वाळवंटाच्या टाळूवर,
दुर्बीणवाले दिवसा झोपतात.
रात्री दोनला त्यांना सूप लागतं.
काय दिसलं विचारलं, तर आकडे दिसले म्हणतात.
रेनाल्डा ताटं उचलताना कान देऊन ऐकायची
आणि त्या आकड्यांना पाय फुटायचे.

मागून पहिलं पान, शिसपेन्सिलीत:

निमूट.
यांच्या जगात हवाच नाही, म्हणून आवाज नाही.
बोलायचं तर कपाळाला कपाळ टेकावं लागतं,
हाडातून हाडात जातो शब्द.
भांडायचं असलं तरी तसंच.
त्यामुळे शिव्या कमी, आणि त्याही जवळून.
खाणं: काहीही चालेल. कुरकुरीत केलं तर फुकट जाईल.

खापरपंखी.
पंख भाजक्या मातीचे, एका उड्डाणापुरते.
खाली पिल्लं तुकडे वेचून बापाला जुळवत बसतात.
एखादा तुकडा नेहमी उरतो.
तो कोणाचा, यावरून त्यांच्यात घराणी पडली आहेत.
खाणं: ओलं देऊ नये.

उशिरी.
दिसायला लामासारखी. पण आज धार काढली
तर दूध उतरतं नातवंडांच्या हयातीत.
तिथली माणसं रिकामी चरवी घेऊन घरी येतात
आणि आजोबांनी काढलेलं पितात.
इथे समासात, बारीक अक्षरात:
फ्लोरेन्सियोला वाचून दाखवलं. हसला नाही.
खाणीतून आला होता, हात धुतले नव्हते.

सात ते अकरा पानं सुपाने चिकटलेली.
सोडवायला गेले तर एक अख्खा ग्रह फाटला.
हाती आलं एवढंच:
'डोळे बाहेर वाळत घालतो, दव पडायच्या आत घेतो'
आणि दुसऱ्या कुणाबद्दल, 'मीठ विचारून घालावं'.

मोजमोड्या.
मोजला की बदलतो. एकदा तीन, एकदा सतरा,
एकदा मोजणाऱ्यालाच धरून.
याच्यासाठी तिने ताट मांडलं नाही.
पातेलंच ठेवलं.

एकदा त्या नव्या पोरीने, हेन्रिकेने, वही पाहिली,
आणि चांगल्या मनाने समजावलं:
रेनाल्डाबाई, तिथे कुणी नाही. नुसता वायू आहे.
त्या तारखेला नोंद:
वायू असेल तर रिका-रिकाचा काढा, कोमट.

मग मी वही उलटी केली.
पुढे पीठ, तेल, कांदे, गॅसची टाकी. अंडी तीस.
ज्या ज्या रात्री मागे कुणी उतरलंय
त्या त्या सकाळी पुढे अंडी एकोणतीस.
व्यवस्थापकाने लाल शाईत 'उंदीर' लिहिलंय.
सापळा दोन वर्षं रिकामा,
चीजसुद्धा दगड झालेलं.

ती गेल्यापासून रोज मोजते.
तीस. तीस. तीस.
हिशेब इतका जुळतो की करमत नाही.
एकदा मीच एक फोडून खाल्लं,
तर काय वाटलं असेल ते वाटलं, पण नोंद सुचली नाही.

काल मोजली, एकतीस.
पुन्हा मोजली.
एकतिसावं जरा निळसर आहे,
किंवा भांडारातली ट्यूबच तशी आहे.
हलवलं नाही. दिव्यासमोर धरलं नाही.
कानाला लावलं, काही नाही.
मग दार लोटून घेतलं,
अंबाडा वर बांधला,
आणि वाकून कपाळ टेकवलं.

सूप उतू गेलं त्या रात्री.
दुर्बीणवाले काही बोलले नाहीत.