हयातीचा दाखला

दर नोव्हेंबरात मी तानूबाई हेरलेकरांना
स्कूटरवरून बँकेत नेतो,
त्या जिवंत आहेत हे सिद्ध करायला.
गंगावेशीत म्हशी आडव्या येतात. त्या मागे एकांगी बसलेल्या,
मांडीवर पिशवी, पिशवीत पासबुक
आणि सफेद्याची जुनी डबी. डबीत आता लवंगा.

काउंटरवरची मुलगी म्हणते, आजी, अंगठा ठेवा.
लाल दिवा.
पुसून ठेवा.
लाल.
दुसरी बोटं बघू.
आजी, तुमच्या रेघाच उमटत नाहीत.

कशा उमटतील?
मधलं बोट तंबोऱ्यानं खाल्लं, उरलेली मिरचीनं.

तानू हे नाव तानुलीवरून पडलेलं, तानेशी संबंध नाही,
पण मास्तरांनी तेवढ्यावरच कंपनीत घेतलं म्हणतात.
पहिल्या दिवशी गाणं शिकवलं नाही.
म्हणाले, ‘येतो’ म्हणायचं नाही. ‘येते’. ‘जाते’. ‘बसते’.
कोल्हापूरची पोर, आईही ‘आलो गं’ म्हणत घरात शिरणारी,
आठवडाभर विंगेत उभी राहून
येते, जाते, येते, जाते.
मग पेटी. काळी दोन.

तिसऱ्या अंकात राणी विष घेते,
आणि घेतल्यावर पद म्हणते, तेही पाच कडव्यांचं.
इचलकरंजीत पाळी सुटल्यावर मागकामगार आले,
कानात मागांचा खडखडाट तसाच घेऊन,
आणि राणी मेल्यावर ओरडले, वन्समोर!
राणी उठली. पदर सारखा केला. पेटीवाल्याकडे पाहिलं.
पुन्हा विष, पुन्हा पाच कडवी.
त्या रात्री तीनदा मेल्या तानूबाई.
“पगार मातूर एकाच मरणाचा,” असं म्हणून अजून हसतात,
आणि हसताना तोंडावर हात घेतात,
कारण पुढचे दात गेलेत.

कंपनी निपाणीच्या मुक्कामी बसली.
मालक पहाटे लघवीला म्हणून गेला.
जप्तीत राजवाडा, अरण्य आणि नदीकाठ
तिन्ही गुंडाळून एकाच बैलगाडीत घातले.
राणी एस.टी.नं परत आली,
कंडक्टरनं ओळखलं, तिकीट मात्र घेतलं.

मग शिवाजी पेठेतल्या डंकावर वीस वर्षं.
ब्याडगी रंगाला, लवंगी ठसक्याला,
संकेश्वरी वासाला, हे नवं पाठांतर.
डंक पडायचा तो सरळ त्रितालात,
खालीच्या जागी त्या हात घालून मिरची सारायच्या,
एकदाही बोट सापडलं नाही.
गळा सापडला.
मिरचीच्या धुळीनं आधी तार षड्ज नेला, मग पंचम.
खर्ज तेवढा ठेवला, गिऱ्हाइकाशी भाव करायला.

कलावंतांच्या मानधनाचा अर्ज मीच भरला होता.
पुरावा म्हणून हँडबिल जोडा, असं लिहिलेलं.
त्यांच्याकडे एकच, त्यावर छापलेलं:
‘राणीच्या भूमिकेत नवी नटी’.
बारा वर्षं कंपनीनं तोच ठसा वापरला होता.
साहेबांनी विचारलं, ही नवी नटी तुम्हीच कशावरून?
तानूबाई म्हणाल्या, “दुसरी कोण मागतीया का?”
मंजूर झालं.

आज यंत्र ऐकेना, म्हणून मॅनेजर केबिनबाहेर आला.
समक्ष पाहून सही करतो, म्हणाला.
तानूबाई उभ्या राहिल्या.
अर्धं पाऊल डावीकडे सरकल्या.
मला वाटलं तोल गेला, पण नाही,
ट्यूबलाइटचा उजेड तिथं नीट पडत होता.
हनुवटी थोडी वर. हात सैल.
रांगेतले पेन्शनर उगीचच गप्प झाले.
मॅनेजरनं सही केली. ‘हयात आहे.’ शिक्का.

“येतो बघ, बाळ,” मुलीला म्हणाल्या,
आणि पायऱ्यांवर माझा खांदा धरला.

स्कूटरवर मी जरा जोरात काढली.
पाठीवर बोटं पडली, त्या बिनरेघांच्या बोटांची टकटक,
“दमानं. समेवर यायची घाई करू नगंस.
पुढं खड्डा हाय.”