ळ कमी पडला तेव्हा

सावद्याला आमचा ट्रेडल प्रेस.
लग्नपत्रिका, दशक्रियेची कार्डं,
केळीच्या वखारीची पावतीबुकं.
तिथे एकाहत्तर साली, एप्रिलच्या दुपारी,
डोक्याला रुमालही न बांधता आले
कप्तान चावदस फिरके,
काखेत मेणकापडात बांधलेलं बाड.
"कादंबरी आहे," म्हणाले. "ओली होऊ देऊ नका."
पावसाला अजून दोन महिने होते.

तीस वर्षं मालवाहू जहाजांवर.
गंधक, गहू, एकदा नुसता हाडांचा चुरा,
एकदा सर्कशीचे दोन उंट, त्यांनाही बोट लागली.
मग परत आले इथे,
जिथून समुद्राची वाट तापीलाच तेवढी माहीत.

वखारीत काट्याशी बसलेले विचारत,
"तठी पानी कितीक परस असतं हो, कप्तान?"
ते विहीर खणणाऱ्याच्या गांभीर्यानं सांगत,
"दोन हजार. पण थारोळं बांधायला जागा नाही."
कुणी म्हणालं, रात्री केळीची पानं वाजतात,
समुद्रासारखीच ना?
"नाही," म्हणाले. "केळीसारखी."

रोज रात्री बारा ते चार धाब्यावर येरझारा.
वेणूकाकू शेजारणींना सांगायच्या,
"ह्यांची पाळी असते.
घर कुठे आपटू नये म्हणून."

आमच्या केसमध्ये ळ होते एकशे चाळीस.
गावाला तेवढे पुरत.
पण सातव्या प्रकरणात वादळ आलं,
आणि खवळला, कोसळला, उन्मळली, कल्लोळ,
काळंकुट्ट, डोळे, गळा, नाळ,
बारा पानांत होते नव्हते ते सगळे ळ बुडाले.
फर्मा आवळून ठेवलेला,
आणि वखारीची पावतीबुकं आली छपाईला.
मी ल लावला.
त्या आठवड्यात सावद्यातल्या प्रत्येक पावतीवर:
घड बावन्न, केली.
दगडू भंगाळे पावती नाचवत आले,
"काय केली? कोणी केली?"

मी कप्तानांकडे गेलो. चाचरत म्हटलं,
वादळ थोडं कमी करता येईल का?
हसले नाहीत. बाड मागून घेतलं.
अठरा दिवसांनी तीन पानं आणून दिली.
एकही ळ नव्हता त्यात.
वादळच नव्हतं.

    वारा पडला होता. इंजिन बंद.
    सहा दिवस पाणी ताटातल्या तुपासारखं थिजून.
    पहारा माझा, रात्रीचा दुसरा.
    सुकाण्या हसन परकार चांदण्यात दाढी करत होता.
    वस्तरा पुसला, घडी करून खिशात ठेवला,
    आणि कठड्यावरून, ओट्यावरून अंगणात यावं तसा,
    उतरला.
    आवाज झाला नाही.
    त्याच्या घरच्यांना मी पत्रात काय लिहिलं
    ते इथे लिहिता येत नाही.

मी खिळे हातात घेऊन उभा राहिलो.
तो शब्द मला कळला.
त्यात ळ एकच होता.

तीनशे प्रती छापल्या. एकशे नव्वद माझ्या माळ्यावर.
पुढे आणखी चार कादंबऱ्या लिहिल्या त्यांनी,
सगळ्यांत भरपूर वादळं,
मी जळगावहून दोन किलो ळ आणून ठेवले होते.
लोकांना आवडल्या त्या. मलाही.
येरझारा काही थांबल्या नाहीत.

समुद्र मी अजून पाहिलेला नाही.
प्रूफं मात्र वाचली आहेत, तीन-तीनदा,
तरी त्या पानात माझी एक चूक राहिली:
'आवाज झाला नाही' मधला 'नाही'
जुळवताना सुटला.
कप्तानांनी प्रूफवर तिथे बोट ठेवलं,
शाई बोटाला लागेपर्यंत ठेवलं.
मी खिळा काढायला वळलो
तर म्हणाले, असू द्या.